कोविडमध्ये बरं होतं म्हणे

आज सकाळी गंगेवर, म्हणजे आपल्या नाशकातल्या गोदावरीवर, गेलो होतो, आमच्या कॉलनीतल्या एका आजींच्या दहाव्याला. पिंड मांडलेले, कावळा काही शिवेना, ऊन चढायला लागलेलं, आणि माझ्या शेजारी उभे असलेले एक गृहस्थ घड्याळ बघत म्हणाले, "कोविडमध्ये बरं होतं राव, वीस माणसांत तासाभरात आटपायचं." दोघं-तिघं हसले पण. दहाव्याला कशाला वाद म्हणून मी गप्प बसलो, पण घरी आल्यापासून डोकं ठणकतंय.

कोणाला बरं होतं हो?

एप्रिल २०२१. २१ तारखेला आपल्या नाशकात ऑक्सिजनच्या टाकीला गळती लागून एका दुपारीत किती माणसं गेली, ते तुम्हाला मी सांगायला नको. तेच दिवस होते. माझे काका दुसऱ्या एका हॉस्पिटलात होते आणि काकू पण पॉझिटिव्ह, घरात एकटी. डॉक्टरांनी आशा सोडा म्हटल्यावर काकूने दारात एक डबी ठेवली, कुंकवाची असते ना तेवढी, स्टीलची. आत रामकुंडाचं पाणी आणि तुळशीचं पान. पाणी सांडू नये म्हणून झाकणावर रबर बँड आणि वरून दुधाच्या पिशवीची घट्ट गाठ. मी ती हॉस्पिटलच्या गेटवर दिली, हात जोडले, तोंडात दोन थेंब घाला एवढंच म्हणालो.

दुसऱ्या दिवशी काका गेले. चेहरा दाखवा म्हणून विनवण्या केल्या. "बॅग उघडता येणार नाही, नियम आहे." अमरधाम स्मशानात रांग, नंबर लागेपर्यंत संध्याकाळ झाली, आणि मी एका चिकटपट्टीवर लिहिलेल्या नावाला नमस्कार केला. काकांच्या सामानाची पिशवी मिळाली त्यात चष्मा, मोबाईल, कवळी आणि ती डबी. गाठ काकूचीच होती, सुटलेली नव्हती.

आणि मग मला कळलं की असा नियमच नव्हता! केंद्राच्या आरोग्य मंत्रालयाच्या मार्च २०२० च्या सूचना वाचा, त्यात चक्क लिहिलंय की कर्मचाऱ्याने काळजी घेऊन बॅगेची चेन चेहऱ्यापुरती उघडून नातेवाईकांना शेवटचं बघू देता येईल, हात न लावता पवित्र पाणी शिंपडायला हरकत नाही. आंघोळ घालणं, मिठी मारणं तेवढं बंद. म्हणजे कागदावर माणुसकी होती, ती खाली गेटपर्यंत कोणी येऊच दिली नाही.

श्रीलंकेत तर कागदच निर्दयी होता. दफन केलं तरी चालतं असं जागतिक आरोग्य संघटना सांगत असताना तिथे कोविडने गेलेल्या मुसलमानांना पण सक्तीने जाळलं, डिसेंबर २०२० मध्ये २० दिवसांचं एक बाळ जाळलं. लोकांनी कोलंबोत स्मशानाच्या गेटला कफनाच्या पांढऱ्या पट्ट्या बांधल्या. फेब्रुवारी २०२१ मध्ये हुकूम फिरवला, पण त्या बाळाच्या आईबापाचं काय? त्यांची माती तीच आपली तुळस, मला यात काही फरक दिसत नाही.

हो, मान्य, रोग नवा होता, सगळे घाबरलेले, आणि पीपीई किट घालून घामाने निथळत काम करणाऱ्या पोरांना मी शिव्या देणार नाही. त्या गेटवरच्या वॉचमनचा पण राग नाही राहिला आता, त्याच्याही घरी लेकरंबाळं असतील.

पण भीती होती म्हणून सगळं माफ, हे नाही पटत. लायबेरियात २०१४ ला इबोला आला, तिथे प्रेताला आंघोळ घालून पुरायची रीत, आणि इबोलात प्रेताला हात लावला की खरोखर लागण होते. सरकारने राजधानीत सगळी प्रेतं जाळायचा हुकूम काढला तर लोक प्रेतं आणि आजारी माणसं लपवायला लागले. त्याच वर्षी जागतिक आरोग्य संघटनेला दफनाची नवीन पद्धत आणावी लागली, हात लावायचा नाही पण घरच्यांना विचारायचं, प्रार्थना करू द्यायची. इबोलात जमतं, मग आपल्याकडे एक चेन चेहऱ्यापुरती का नाही उघडली?

अजून एक आहे, ते आजपर्यंत कोणाला बोललो नाही. त्या रात्री काकूने फोनवर विचारलं, "पाणी घातलं ना रे तोंडात?" मी म्हणालो, हो, घातलं. तुळस पण ठेवली. ती म्हणाली, "मग झालं." आणि फोन ठेवला. तेव्हापासून दर पितृपक्षात ती एकदा तरी हे काढते, "माझ्या हातचं पाणी पोचलं बाबा," आणि मी मान हलवतो. खोटं बोललो ते बरोबर केलं की चूक, मला आजही कळत नाही.

डबी माझ्याच कपाटात आहे, गाठीसकट. सकाळी त्या माणसाचं ऐकून आलो आणि पहिली तीच काढली. आत पाणी राहिलं असेल की नाही कोण जाणे, हलवून बघायची हिंमत झाली नाही.

घरातल्यांपैकी जे हे वाचतायत त्यांनी मला हवं ते बोला, पण काकूला कोणी फोन करू नका. रविवारी मी स्वतः डबी घेऊन तिच्याकडे जातोय.