म्युझिक व्हिडिओ एमटीव्हीच्या आधीही होते, काउबॉय टोपी घालून

"म्युझिक व्हिडिओ जन्मला 1 ऑगस्ट 1981 ला, एमटीव्हीवर. त्याआधी कंट्री गायक दिसायचे ते काउबॉयपटांत, आणि गायचे ते नुसते कॅमेऱ्यासमोर उभे राहून." ही पोस्ट सगळीकडे फिरतेय. (कंट्री म्हणजे अमेरिकेच्या ग्रामीण भागातून आलेलं संगीत.) एमटीव्हीची तारीख बरोबर आहे. बाकीचं टिकत नाही.

त्या दिवशी एमटीव्हीने लावलेला पहिला व्हिडिओच 1979 चा होता! आणि कंट्री गायक जिमी रॉजर्सने तर 1929 मध्ये, बोलपट नवे असताना, न्यू जर्सीतल्या कॅम्डेनला जेमतेम दहा मिनिटांचा लघुपट केला होता. त्यात रेल्वे कामगाराच्या कपड्यांत तो तीन गाणी गातो.

काउबॉयपटांतले तुकडे म्हणाल, तर 'साउंडीज' तसे नव्हते. 1940 च्या दशकातले हे तीन-तीन मिनिटांचे गाणेपट मुद्दाम बनवलेले असत. शिकागोच्या मिल्स नॉव्हेल्टी कंपनीचं 'पॅनोरम' हे कपाटाएवढं यंत्र बारमध्ये, हॉटेलांत ठेवलेलं असे. दहा सेंटचं नाणं टाकलं की रिळावरच्या आठांपैकी पुढचं गाणं लागे. निवड आपली नाही, रिळाची! आत आरसे असल्याने प्रिंट उलट्या काढत. त्या सुलट न करता केलेल्या नकलांत गिटारवाला उगाच डावखुरा दिसतो.

'नुसते उभे राहून' हे तर अर्धवट पाहून लिहिलंय. साउंडीजमध्ये आधी गाणं ध्वनिमुद्रित होई आणि मग त्यावर ओठ हलवत अभिनय. आपल्याला प्लेबॅक काही नवा नाही. 1951 च्या सुमारास लॉस एंजेलिसच्या लुई स्नेडरने टीव्हीसाठी काढलेल्या 'टेलिस्क्रिप्शन्स'मध्ये मात्र बरेच कलाकार कॅमेऱ्यासमोर खरोखर गात-वाजवत. त्यांत बॉब विल्स, टेक्स विल्यम्स असे कंट्री कलाकार आहेत. गिटारवादक-गायक मर्ल ट्रॅव्हिस तिथे फारसा हलत नाही, पण त्याच्या उजव्या हाताकडे बघा: अंगठा खर्जाचा ठेका धरतो, तर्जनी वर चाल वाजवते. एकटा माणूस दोन गिटारींचं काम करतो. मागे नाचणाऱ्या पोरी असत्या तर हे कुणी पाहिलं असतं?

एमटीव्हीचं नवेपण पैशांच्या हिशेबात होतं. साउंडीजमध्ये गाणेपट हाच विकायचा माल होता, नाणं प्रेक्षकाच्या खिशातून जाई. स्नेडरचे गाणेपट टीव्ही केंद्रं भाड्याने घेत. 1981 नंतर रेकॉर्ड कंपन्या स्वतःच्या खर्चाने व्हिडिओ बनवून वाहिनीला देऊ लागल्या, कारण आता विकायची होती ती रेकॉर्ड.