वाळूची गाडी ‘15 दिवसांत सुटतेच’? त्या संदेशाला मुद्देसूद उत्तर

ट्रॅक्टर आणि हायवा मालकांच्या ग्रुपांवर एक संदेश फिरतो आहे: ‘महसूलने वाळूची गाडी पकडली तर एक रुपयाही भरू नका. सुप्रीम कोर्टाच्या निकालाने 15 दिवसांत गाडी सोडावीच लागते. 48 तासांत साहेबांपुढे नेली नाही तर जप्ती रद्द. दंड भरलाच, तर केस संपली.’ चारही वाक्यांत थोडे थोडे खरे आहे, म्हणूनच लोक फसतात. गाडी तहसीलच्या आवारात सडते आणि अपिलाची मुदत निघून जाते.

‘15 दिवसांत सुटते.’ हा आकडा 2002 च्या सुंदरभाई अंबालाल देसाई निकालातला. पोलिसांनी जप्त केलेला मुद्देमाल ठाण्यात 15 दिवस ते महिनाभरापेक्षा जास्त पडून राहू नये, असे त्यात म्हटले आहे. ती सूचना न्यायालयातल्या दंडाधिकाऱ्यांसाठी आहे. अर्ज केल्याशिवाय गाडी आपोआप सुटत नाही.

म्हणून आधी पंचनामा काढून पाहा: जप्ती कोणी केली? गुन्हा नोंदवून पोलिसांनी केली असेल, तर अर्ज न्यायालयात, भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 497 किंवा 503 खाली (जुनी 451 आणि 457). तहसीलदारांनी केली असेल, तर महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचे कलम 48(8) लागते आणि अर्ज जिल्हाधिकाऱ्यांकडे किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, किमान उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्याकडे जातो. बहुतेक ठिकाणी ते प्रांत असतात. दोन्ही कारवाया झाल्या असतील तर दोन्ही वाटा चालाव्या लागतात. सगळ्यात जास्त घोळ इथेच होतो: मालक कोर्टाचा सुपूर्दनामा (गाडी ताब्यात देण्याचा आदेश) घेऊन येतो आणि महसुली दंड बाकी म्हणून गाडी जागची हलत नाही.

‘एक रुपयाही भरू नका.’ 48(8) खाली गाडी सोडण्याच्या अटीच दोन आहेत: विहित दंड आणि बंधपत्र. बंधपत्राची रक्कम गाडीच्या बाजारभावापेक्षा जास्त मागता येत नाही. गाडीवरच्या दंडाचे 2018 मध्ये ठरलेले दर असे: ट्रॅक्टर-ट्रॉलीला 1 लाख, फुल बॉडी ट्रक किंवा डंपरला 2 लाख, एक्सकॅव्हेटरला 7.5 लाख. वाळूचा दंड वेगळा, कलम 48(7) खाली बाजारमूल्याच्या पाचपटीपर्यंत. तो ब्रासवर (1 ब्रास म्हणजे 100 घनफूट) ठरतो आणि ब्रास अनेकदा नजरेने लिहिले जाते. मापून घ्या. ट्रॉलीत वाळू 10 फूट लांब, 6 फूट रुंद, दीड फूट उंच असेल तर ती 90 घनफूट, म्हणजे 0.9 ब्रास. पंचनाम्यात 2 ब्रास असेल तर लेखी हरकत नोंदवा आणि मोजमापाचे फोटो जोडा.

गाडीवरच्या दंडाच्या आदेशावर सही कोणाची, हेही पाहा. जप्तीचा अधिकार तहसीलदारांना असतो, पण दंड घेऊन गाडी सोडण्याचा निर्णय कलमाने वरच्या अधिकाऱ्याकडे दिला आहे. आणि पकडले त्या वेळी याच गाडीच्या क्रमांकाचा, मुदतीतला महाखनिज पास (वाळू वाहतुकीचा सरकारी ऑनलाइन परवाना) असेल, तर दंड भरून गाडी मागू नका. जप्तीच रद्द करण्याची मागणी करा.

‘48 तास उलटले की जप्ती रद्द.’ गाडी 48 तासांत हजर करण्याचे बंधन खरे आहे. ते न पाळल्यास जप्ती आपोआप संपते, असे मात्र कलमात लिहिलेले नाही. हा मुद्दा अर्जात आणि अपिलात जरूर मांडा, पण पंचनाम्यावरची वेळ आणि हजर केल्याची नोंद यांच्या प्रती हातात घेऊनच.

‘दंड भरला की केस संपली.’ हा समज सर्वांत घातक. जयंत विरुद्ध मध्य प्रदेश (2020) या निकालात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की खाण कायद्याखालचा गुन्हा दंड भरून तडजोडीने मिटला तरी वाळूचोरीचा गुन्हा स्वतंत्रपणे चालू शकतो. दंड भरायचाच असेल तर ‘हरकत राखून’ असे लिहून चलनानेच भरा. जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याच्या आदेशावर अपिलाला 60 दिवस मिळतात, जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशावर 90.

अर्ज आरसीवर नाव असलेल्या मालकानेच करावा. चालकाच्या नावचा अर्ज परत येतो. ताबा घेताना टायर, बॅटरी, डिझेल, इंजिन आणि चासी क्रमांक पंचनाम्याशी ताडून पाहा आणि जे कमी असेल ते ताबा पावतीवर सही करण्याआधीच लिहून घ्या.