आपण काय खेड्यात राहतो का?

आज दुपारी सव्वातीनला आमच्या ऐरोलीत लाइट गेली आणि पाचला आली. जेमतेम पावणेदोन तास. तेवढ्यात सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर ऐंशीच्या वर मेसेज. एसी बंद, वायफाय बंद, जनरेटरवर एकच लिफ्ट, मुलांचे ऑनलाइन क्लास बुडाले. हे सगळं मला समजतं, माझंही काम अडकलं होतं, घामाने जीव नकोसा झाला होता. पण मग एकाने लिहिलं, "एवढा मेंटेनन्स भरून ही अवस्था? आपण काय खेड्यात राहतो का?" आणि त्याखाली अंगठ्यांची रांग लागली.

तिथे माझं डोकं फिरलं. ग्रुपवर काही लिहिलं नाही. इथे लिहिते. लांबणार आहे, ज्यांना वेळ नाही त्यांनी पुढे जावं.

माझा मामा कोळशाच्या खाणीत होता. चंद्रपूर-वणीच्या पट्ट्यात, अंडरग्राउंडला. १९७६ साली लागला. त्याच्या आदल्याच डिसेंबरात धनबादजवळ चासनाल्याच्या खाणीत पाणी घुसून पावणेचारशेच्या आसपास माणसं आतच गेली होती. आजीने रेडिओवर ऐकलेलं, म्हणून ती त्याला सोडायला तयार नव्हती. पण खाणी सरकारने घेऊन तीनच वर्षं झाली होती. सरकारी नोकरी, क्वार्टर, पगार वेळेवर, घरी सिगडीला कोळसा. शेतात काय होतं? काहीच नव्हतं. गेला. एकोणचाळीस वर्षं रोज खाली उतरला आणि साठाव्या वर्षी वर आला.

हा मामा २०१७ मध्ये माझ्याकडे ऐरोलीला आला होता. छाती दाखवायला. दम लागायचा, बोलता बोलता थांबायचा. अकरा दिवस राहिला. पहिल्याच रात्री जेवण झाल्यावर गॅलरीत जाऊन उभा राहिला तो आत येईचना. आमची गॅलरी आठव्या मजल्यावर, समोर आयटी पार्कच्या काचेच्या इमारती. शनिवार होता. मला विचारतो, "एवढ्या रातीले हापिसात मानसं आहेत का वं?" म्हटलं, नाही मामा, आज सुट्टी असते. "मंग दिवे कायले?" मी काहीतरी बोलले, सिक्युरिटीसाठी असतील वगैरे. तो बराच वेळ बघत राहिला. मग म्हणाला, "आमी खाली जायचो तं मानसागनिक एकच दिवा राहे. टोपीवर."

दुसऱ्या दिवशी पहाटे सहाला तो फिरायला निघाला. लिफ्टची सवय नव्हती म्हणून जिन्याने उतरला आणि उतरता उतरता प्रत्येक मजल्यावरचा दिवा बंद करत गेला. उजाडलं होतं, खिडकीतून चांगला प्रकाश येत होता, आणि आठही मजल्यांचे दिवे जळत होते. तीन दिवस त्याने हे केलं. चौथ्या दिवशी ग्रुपवर मेसेज आला: "कोणाचे तरी पाहुणे जिन्यातले दिवे बंद करत फिरत आहेत, कृपया त्यांना समज द्यावी."

मी ग्रुपवर सॉरी लिहिलं. आणि मामाला सांगितलं, मामा, इथे दिव्यांना हात लावू नका. तो "बरं" म्हणाला. एवढंच.

तर, खेड्यात राहतो का. नाही राहत. पण हा उजेड येतो कुठून ते एकदा सांगू द्या. चंद्रपूरला कोळसा जाळून वीज करतात, तिथून एक लाइन निघते, ५०० किलोव्होल्टची, डीसी. ७५२ किलोमीटर धावून ती आपल्या ठाणे जिल्ह्यात पडघ्याला येऊन टेकते. १९९९ मध्ये सुरू झाली, १५०० मेगावॅट वाहून आणायची तिची ताकद. नाशिक हायवेने जाताना पडघ्याला आपण वडापाव खायला थांबतो ना, तिथेच. १२ ऑक्टोबर २०२० आठवतो? सकाळी दहाच्या सुमारास मुंबई, ठाणे, नवी मुंबई सगळं एकदम बंद पडलं, लोकल जागच्या जागी उभ्या राहिल्या. तो बिघाड याच पडघ्याला कळव्याशी जोडणाऱ्या वाहिन्यांवरचा. आणि अख्ख्या राज्यात कुणाला किती वीज पाठवायची हे जिथून बघतात ते भार प्रेषण केंद्र आपल्याच ऐरोलीत, ठाणे-बेलापूर रोडवर. रोज आपण त्याच्यासमोरून जातो.

म्हणजे खाण तिकडे, भट्टी तिकडे, राख तिकडे. आणि तार इकडे.

राखेचं सांगते. आपल्याकडचा कोळसा राखेचा. दहा किलो जाळला की तीन-चार किलो राखच उरते. एक युनिट वीज करायला सहाशे-सातशे ग्रॅम कोळसा लागतो. आपल्या घरचं बिल काढून बघा, तीनशे युनिट तर सहज असतात. ती सगळी कोळशाची धरली तर महिन्याला दोन क्विंटल कोळसा. सगळी नसते, मान्य, पण देशातल्या विजेत चारातले जवळपास तीन वाटे अजून त्याचेच आहेत. आता कल्पना करा की एमएसईडीसीएलने बिलाबरोबर ती राखही घरपोच द्यायची ठरवली. दर महिन्याच्या एक तारखेला वॉचमन दारात सत्तर किलो राखेची पोती आणून टाकतोय, आणि तुमची आहे, तुम्हीच सांभाळा म्हणतोय. किती दिवस चालवून घ्याल? तिकडे मामीने जन्मभर चालवून घेतलं. तिच्या दोरीवर पांढरा कपडा मी कधी पांढरा बघितला नाही. उन्हाळ्यात आम्ही पोरं जायचो, कुरडया घालायच्या तर ती त्यावर धुतलेलं लुगडं पसरायची आणि संध्याकाळी ते लुगडं झटकायची. त्यातून जे उडायचं ते मला आजही दिसतं.

आणि सगळ्यात जास्त चीड कशाची येते सांगू? २००५ नंतरची ती लोडशेडिंगची वर्षं. मामाच्या खाणीच्या कॉलनीत लाइट असायची, पण कॉलनीच्या भिंतीपलीकडच्या गावात बारा-बारा तास नसायची. ज्यांच्या जमिनीखालून कोळसा निघाला त्यांच्या विहिरीवरची मोटर बंद, आणि मुंबईत मॉल झगमगत होते. मुंबईला लोडशेडिंग नव्हतंच. त्यामुळे "खेड्यात राहतो का" हे वाक्य माझ्या कानाला शिवीसारखं लागतं. खेड्यात अंधार होता, कारण उजेड आपल्याकडे होता.

जरा पाणी पिऊन आले.

आता दुसऱ्या बाजूच्या मित्रांशी बोलते, कारण तेही इथे आहेत आणि ते माझी जवळची माणसं आहेत. तुम्ही म्हणता कोळसा बंद करा. मीही म्हणते. हवा तापवण्यात सगळ्यात मोठा वाटा एकट्या कोळशाचा आहे हे मला कुणी समजावून सांगायची गरज नाही, मे महिन्यात चंद्रपूरला राहून बघा. २०२४ मध्ये जगाने ८७० कोटी टनांपेक्षा जास्त कोळसा जाळला, तोवरचा सगळ्यात जास्त. अर्ध्याहून अधिक एकट्या चीनने. आपण दुसरे. २०२४-२५ मध्ये आपण पहिल्यांदाच शंभर कोटी टनांच्या वर कोळसा काढला आणि त्याचे पेढे वाटल्यासारखे अभिनंदनाचे मेसेज फिरले. मला त्या दिवशी अभिमान वाटला नाही. भीतीच वाटली.

पण तुम्ही "बंद करा" म्हणता तेव्हा असं वाटतं की जणू एक बटण आहे आणि ते दाबायला कुणी तयार नाही. त्या बटणाला माणसं लागलेली आहेत हो. नुसत्या कोल इंडियात दोन लाखांवर माणसं कायम नोकरीत आहेत. कंत्राटी, डंपरवाले, साइडिंगवरचे हमाल, कॉलनीबाहेरची चहाची टपरी, सायकलवर कोळशाची पोती लादून विकणारे, हे त्यात धरलेलेच नाहीत. रेल्वेच्या मालवाहतुकीत जवळपास निम्मा माल कोळसा असतो आणि त्या भाड्यातून प्रवाशांच्या तिकिटाचा तोटा भरून निघतो. ठाणे-वाशी लोकलचा पास आपल्याला परवडतो, त्यातही कोळशाचा हात आहे. माझ्या मामेभावाचं इंजिनिअरिंग कोळशावर झालं. मामेबहिणीचं लग्न कोळशावर झालं. माझी पहिली सायकल मामाने बोनसमधून घेतली होती. ती लाल सायकल घेताना कुणी मला कार्बनचा हिशेब विचारला नाही.

इंग्लंडचं उदाहरण सगळे देतात. १८८२ मध्ये लंडनमध्ये कोळशावर वीज करून विकायला सुरुवात झाली आणि ३० सप्टेंबर २०२४ ला त्यांनी शेवटचं कोळशाचं केंद्र बंद केलं. चांगलं केलं. पण त्याच्या कितीतरी आधी, १९८४-८५ मध्ये, तिथल्या खाणकामगारांनी वर्षभर संप केला, तो मोडला गेला, आणि पुढच्या काही वर्षांत खाणी पटापट बंद झाल्या. वेल्स आणि यॉर्कशायरमधली ती गावं अजून सावरलेली नाहीत. जर्मनीने मात्र दगडी कोळशाची शेवटची खाण २०१८ मध्ये बंद केली ती माणसांना आधी पेन्शन आणि दुसरं काम देत, वर्षानुवर्षं हळूहळू. कोळशाची वीज २०३८ पर्यंत बंद करायची म्हणून त्या भागांसाठी त्यांनी ४० अब्ज युरो बाजूला काढले. त्यांच्याकडे पैसा आहे, हो, आपल्याकडे तेवढा नाही, हेही मान्य.

पण आपल्याकडे अजिबात नव्हता असं नाही, आणि इथे मला परत राग येतो. २०१० पासून आपण कोळशावर टनामागे ५० रुपये सेस घेत होतो. स्वच्छ ऊर्जेसाठी म्हणून. २०१६ पर्यंत तो ४०० रुपये झाला. २०१७ मध्ये जीएसटी आला आणि तो सगळा पैसा राज्यांची करभरपाई करण्याकडे वळला. सप्टेंबर २०२५ मध्ये तो सेसच गेला आणि त्याऐवजी जीएसटी वाढवला. टनामागे ४०० रुपये, वर्षाला कोट्यवधी टन. हा पैसा मामाच्या पट्ट्यातल्या पोरांना दुसरं काम शिकवायला, खाण संपल्यावर उरलेले खड्डे आणि मातीचे डोंगर नीट करायला, छातीचे दवाखाने काढायला नको होता? जिल्हा खनिज निधी आहे, खाणीच्या रॉयल्टीच्या हिशेबाने खाणींच्या जिल्ह्यांसाठी गोळा होणारा, २०१५ पासून. त्यातून काही कामं होतात, नाही म्हणत नाही. पण तो खाण चालू आहे तोवरचा. खाण आटली की रॉयल्टी आटली, आणि निधीही आटला. म्हणजे गरज सुरू होईल तेव्हाच हातातलं भांडं रिकामं.

२०२१ मध्ये ग्लासगोला जगाची परिषद झाली, तिथे शेवटच्या क्षणी भारताने शब्द बदलायला लावला, कोळसा "संपवू" ऐवजी "कमी करू". माझ्या फ्रेंडलिस्टवर त्या दिवशी किती लोकांना लाज वाटली होती! मला तेव्हा मामाच आठवत होता. ज्या देशांनी दीडशे वर्षं जाळून घरं उबदार केली त्यांनी मामाला आज "संपून जा" म्हणायचं, हे मला पटत नव्हतं. अजूनही पूर्ण पटत नाही. पण आज, गेले तीन उन्हाळे बघितल्यावर, "कमी करू" एवढ्यावर समाधान मानायला मन तयार होत नाही. दोन्ही वाटतं. दोन्ही एकाच वेळी खरं वाटतं.

मामाला स्वतःला काय वाटायचं ते मी विचारलं होतं. परत जायच्या आदल्या रात्री तो पुन्हा गॅलरीत उभा होता. दिव्यांना हात लावू नका म्हटल्यापासून तो जिन्याने जायचा बंद झाला होता, मुकाट्याने लिफ्ट वापरायचा. मी विचारलं, मामा, वाईट वाटतं का हो, एवढं सगळं खाली राहून काढलंत, आणि आता लोक म्हणतात कोळसा वाईट. तो हसला नाही, रागावलाही नाही. समोर हात केला आणि म्हणाला, "यातला माहा किती असन गं? एखादा मजला तं असनच." त्याला अभिमान होता. वाया जाणाऱ्या दिव्यांचं वाईट वाटत होतं, पण त्या दिव्यांत आपला हात आहे याचा अभिमानही होता. त्याला कुणी थँक यू म्हणावं असं त्याला कधी वाटलं नसेल. पण "समज द्यावी" असं कुणी लिहावं, एवढंही त्याने काही केलं नव्हतं.

मामा २०२१ च्या पावसाळ्यात गेला. शेवटी शेवटी बसून झोपायचा, आडवं झालं की श्वास पुरायचा नाही.

मी आज दुपारी जिन्याने आठ मजले उतरले. सगळे दिवे बंद होते, आणि खिडक्यांतून इतका उजेड येत होता की एकाही पायरीवर अडखळले नाही.

आमच्या सोसायटीच्या गच्चीवर सोलर बसवायचं दोन वर्षं नुसतं बोलणं चाललंय. कुणी म्हणतं गच्चीवर पार्टी करता येणार नाही, कुणी म्हणतं पत्र्यासारखं दिसेल, कुणी म्हणतं पैसे वसूल व्हायला पाच-सहा वर्षं लागतात. सोलर रात्री चालत नाही, हेही ऐकलं, आणि ते खरंच आहे. पण लिफ्ट, पंप, पार्किंगचे दिवे दिवसा तर चालतील? सरकारची सबसिडी आहे, गच्ची आपली आहे, ऊन तर विचारूच नका. तेवढ्याने चंद्रपूरची धूळ बसणार नाही हे मला कळतं. पण आपल्या वाटणीची दोन पोती राख तरी कमी होईल.

येत्या रविवारी सकाळी अकराला जनरल बॉडी आहे. सोलरचा ठराव मी मांडणार आहे. जिन्यातल्या दिव्यांना सेन्सर बसवायचा ठरावही मीच मांडणार आहे. आणि २०१७ मध्ये ग्रुपवर लिहिलेलं ते सॉरी मी सगळ्यांसमोर मागे घेणार आहे.