काळाचा स्थपती लिहू इच्छिणाऱ्यांस

गेल्या महिन्यात एका होतकरू लेखकाने आपल्या पाच खंडी अद्भुत कादंबरीचा पहिला खंड, म्हणजे तब्बल ४१२ पाने, प्रस्तावनेसाठी माझ्यापुढे ठेवला. नायक काळाला आकार देणारा स्थपती. तो भिंत उभारतो आणि भिंतीपलीकडे कालचा दिवस सुरू होतो. तो घुमट बांधतो आणि घुमटाखाली बसलेल्यांचे वार्धक्य थबकते. कल्पना मला मनापासून आवडली होती, पहिली चाळीस पाने. पुढच्या पानांनी मला जे शिकवले, ते आपल्यासारख्या इच्छुकांच्या पदरात घालणे मी कर्तव्य समजतो.

नायकाचे नाव असे ठेवावे की उच्चारताना कवळी निसटावी, आणि त्याच्या मधोमध एक चिन्ह विनाकारण लोंबत ठेवावे.

तो पोरका असावा, कारण आई हयात असली की ती ‘जेवलास का’ असे विचारते आणि गूढतेचा भंग होतो.

आकाशात दोन सूर्य आणि तीन चंद्र खुशाल टांगावेत, परंतु वेळ मात्र मिनिटांत आणि सेकंदांतच मोजावी. २४ मिनिटांची घटिका, २४ सेकंदांचे पळ, ही मापे आजोबांच्या पंचांगात धूळ खात पडू द्यावीत; ती वापरली तर वाचकांना आपले जग परके न वाटता ओळखीचे वाटण्याचा धोका संभवतो.

सर्वांत महत्त्वाचे म्हणजे, स्थपतीने बांधकाम करू नये. त्याने डोळे मिटावेत, तळहात वर करावा आणि क्षणांचा सातमजली मनोरा आपोआप उभा राहावा. गवंडी, चुना, परांची, मजुरी थकवणारा राजा असल्या क्षुद्र गोष्टींनी प्रतिभेचा विटाळ होतो. दगडात वेळ बसवण्याचा उद्योग आपल्याच देशात एका राजाने प्रत्यक्ष केलेला आहे, असे कोणी सांगू लागल्यास त्याला अरसिक म्हणून गप्प करावे. ग्रहताऱ्यांचे वेध घेणारी पितळेची यंत्रे लहान पडतात आणि त्यांचे आस झिजतात, म्हणून जयपूर वसवणाऱ्या सवाई जयसिंहाने यंत्रेच दगडचुन्याची बांधली. जयपूरचे सम्राट यंत्र, म्हणजे तिथले महाकाय सूर्यघड्याळ, सुमारे २७ मीटर उंच आहे. त्याची तिरपी भिंत जयपूरच्या अक्षांशाइतकी, म्हणजे साधारण २७ अंश चढती आहे, आणि तिची सावली सेकंदाला जेमतेम एक मिलिमीटर सरकते. तीच भिंत उचलून पुण्यात ठेवली, तर ती बहुतेक वेळा चुकीची वेळ दाखवील, कारण पुण्याचा अक्षांश साडेअठरा आहे. जयपुरातसुद्धा तिची वेळ आपल्या मनगटावरच्या वेळेशी जुळवायची, तर दिवसागणिक बदलणारी दुरुस्ती करावी लागते. राजा झाला तरी त्याला कोन मोजावा लागला, आणि या नायकाला मात्र डोळे मिटणे पुरते! ४१२ पानांत त्याने एकदाही ओळंबा हाती धरलेला नाही, एकदाही त्याची भिंत पाडून पुन्हा बांधावी लागलेली नाही, एकदाही कोणी गवंडी ‘साहेब, ही कमान बसत नाही’ असे म्हणत डोके खाजवत उभा राहिलेला नाही. मग त्याला स्थपती म्हणायचे तरी कशाला? जादूगार म्हणा आणि मोकळे व्हा. असो. मी उपदेश करीत होतो.

नगरीची वेळ बदलल्याचे नागरिकांना सोयरसुतक नसावे. १९०६ मध्ये सरकारने भारतीय प्रमाणवेळ लागू केली, तेव्हा अवघ्या ३९ मिनिटांच्या फरकापायी मुंबईने वर्षानुवर्षे आपली जुनी वेळ सोडली नाही. परंतु आपल्या नायकाने अख्खे शतक गिळले तरी बाजारात भाजीवालीनेही मान वर करून पाहू नये.

नियम पान ६१ वर करावा आणि पान १८८ वर मोडावा. मेलेल्या माणसापर्यंत कोणतीही भिंत पोहोचत नाही, असे ६१ वर गंभीरपणे लिहिलेले आहे. १८८ वर गुरुजी जिवंत होऊन काढा पीत बसलेले आहेत. मी हे दाखवले, तेव्हा लेखकमहाशय हसून म्हणाले, ‘काका, फॅन्टसीत लॉजिक शोधायचं नसतं.’

कोणी सांगितले तुम्हाला? पुराणातला ककुद्मी राजा मुलीसाठी वर विचारायला ब्रह्मलोकी गेला, गाणे संपेपर्यंत थांबला, आणि तेवढ्यात पृथ्वीवर २७ चतुर्युगे उलटली. त्याच्या मनातल्या वरांची नातवंडेसुद्धा उरली नव्हती, आणि ब्रह्मदेवानेही ती परत आणून दिली नाहीत. भास्कराचार्यांच्या लेकीच्या, लीलावतीच्या आख्यायिकेत एक मोती घटिकापात्राच्या, म्हणजे वेळ मोजायला पाण्यावर सोडलेल्या वाटीच्या, छिद्रात अडकतो आणि तिच्या लग्नाचा मुहूर्त टळतो. भास्कराचार्यांसारख्या गणितीलाही तो मागे खेचता येत नाही, म्हणून तर ती गोष्ट आजही सांगितली जाते. तुम्हाला मात्र ना किंमत मोजायची आहे, ना मेहनत करायची आहे, आणि त्या आळसाला तुम्ही कल्पनाशक्ती म्हणता! एक तांब्याची वाटी घ्या, तिच्या बुडाला बारीक छिद्र पाडा आणि ती पाण्यावर सोडा. ती बरोबर २४ मिनिटांत बुडणार नाही. मग छिद्र कमीजास्त करीत बसा, वाट्या वाया घालवा, बोटे कापून घ्या. एक वाटी नेमकी घटिकाभराने बुडाली, की ती घेऊन या. प्रस्तावनेचे त्यानंतर पाहू.