भाव चुकीचा असता तर कोणी दुरुस्त केला नसता का?

शेअर बाजाराच्या गटांमधून एक दावा सतत फिरत असतो. थोडक्यात तो असा: ‘एकाच वस्तूचे दोन भाव बाजारात टिकत नाहीत. तफावत दिसली की आर्बिट्राजवाले स्वस्त बाजूला घेतात आणि महाग बाजूला विकतात. त्यात जोखीम शून्य. त्यांच्याकडे पैशाला तोटा नाही. एखादी गोष्ट फार महाग झाली तर ते ती शॉर्ट करून खाली आणतात. तेव्हा स्क्रीनवर दिसतो तो भाव योग्यच समजा आणि बिनधास्त घ्या.’

यातलं शेवटचं वाक्य वाचून लोक खरोखर पैसे लावतात, म्हणून हा दावा तुकड्या-तुकड्याने तपासायला हवा.

‘एकाच वस्तूचे दोन भाव टिकत नाहीत.’ रिलायन्सचा शेअर बीएसई आणि एनएसईवर काही पैशांच्या फरकाने मिळतो, हे खरं आहे. तिथे एकीकडे घेऊन दुसरीकडे विकायला काही आडवं येत नाही. आडवं आलं की काय होतं, ते 2 मार्च 2000 रोजी अमेरिकेत दिसलं. थ्रीकॉम या कंपनीने पाम या आपल्या उपकंपनीचे जेमतेम 5 टक्के शेअर लोकांना विकले. बाकीचे बहुतेक सगळे शेअर त्याच वर्षात आपल्याच भागधारकांना वाटण्याचा बेत तिने जाहीर केला होता: थ्रीकॉमच्या एका शेअरमागे पामचे साधारण दीड. म्हणजे थ्रीकॉमचा भाव पामच्या निदान दीडपट हवा. पहिल्या दिवशी पाम 95 डॉलरला बंद झाला. त्याचे दीडपट 142. आणि थ्रीकॉम? सुमारे 82 डॉलर. थ्रीकॉमचा उरलेला चालता धंदा आणि बँकेतली रोकड मिळून बाजाराने त्यांची किंमत शेअरमागे उणे 60 डॉलर लावली होती! हे गुपित नव्हतं, दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रांत छापून आलं. तरी हा वेडेपणा ओसरायला दोन महिने लागले.

का, याचं उत्तर शॉर्टच्या मुद्द्यात आहे. म्हणून क्रम मोडून तो आधी घेतो.

‘महाग झालं तर शॉर्ट करून खाली आणतात.’ शॉर्ट करणं म्हणजे उसना शेअर आज विकणं आणि पुढे स्वस्तात घेऊन परत करणं. तेव्हा शेअर आधी कोणाकडून तरी उसना मिळायला हवा. पामचे बाजारात आलेलेच 5 टक्के, आणि ते ज्यांच्या हातात होते त्यांतले फार थोडे उसने द्यायला तयार होते. महाग आहे हे सगळ्यांना दिसत होतं, पण विकायला हातात काही नव्हतं. शेअर मिळाला तरी धोका संपत नाही. ऑक्टोबर 2008 मध्ये फोक्सवॅगन या जर्मन मोटार कंपनीचा शेअर अनेक हेज फंडांनी (बड्या गुंतवणूकदारांचे पैसे घेऊन मोठे डाव खेळणाऱ्या फंडांनी) शॉर्ट केला होता. एका रविवारी पोर्शने जाहीर केलं की शेअर आणि ऑप्शन (शेअरच्या भावाशी बांधलेले करार) मिळून फोक्सवॅगनचा सुमारे 74 टक्के हिस्सा आपल्या हाती आहे. जर्मनीतल्या लोअर सॅक्सनी राज्याकडे 20 टक्के होतेच. मोकळे उरले जेमतेम 6 टक्के, आणि शॉर्टवाल्यांना परत घ्यायचे होते त्याहून बरेच जास्त. दोन दिवसांत भाव 200 युरोच्या घरातून हजाराच्या वर गेला.

आपल्याकडे तर ही वाट आणखी अरुंद आहे. शेअर हातात नसताना विकून दुसऱ्या दिवसापर्यंत तसंच बसता येत नाही. वायदे (फ्युचर्स, म्हणजे पुढच्या तारखेचे सौदे) आहेत ते साधारण दोनशे कंपन्यांचे. शेअर उसने देण्या-घेण्याची सोय 2008 पासून आहे, पण तिथे उलाढाल नगण्य. हजारो छोट्या कंपन्यांच्या बाबतीत ‘महाग आहे’ असं म्हणणाऱ्याला करता येण्यासारखी गोष्ट एकच: न घेणं. त्याचं मत भावात उतरतच नाही. तिथे भाव ठरवतात ते फक्त आशावादी लोक.

‘जोखीम शून्य.’ रॉयल डच आणि शेल या जोडकंपन्यांचा नफा 60:40 असा ठरलेला होता, म्हणून एकीचं बाजारमूल्य दुसरीच्या बरोबर दीडपट हवं होतं. प्रत्यक्षात कित्येक वर्षं ते जुळत नव्हतं. लाँग टर्म कॅपिटल मॅनेजमेंट या फंडाने 1997 मध्ये महाग रॉयल डच विकून स्वस्त शेल घेतला. फंडाच्या भागीदारांत मर्टन आणि शोल्स होते, त्याच वर्षी अर्थशास्त्राचं नोबेल मिळालेले. गणित चुकीचं नव्हतं. पण 17 ऑगस्ट 1998 ला रशियाने कर्जफेड थांबवली, जगभर घबराट उडाली आणि फंडाच्या बहुतेक सगळ्या तफावती मिटण्याऐवजी रुंदावल्या. रॉयल डचची तर 20 टक्क्यांच्या पुढे गेली. भांडवलाच्या पंचवीसपट कर्ज काढून घेतलेले सौदे टिकवायला मार्जिन (तोटा वाढेल तशी भरावी लागणारी अनामत) लागतं, ते उरलं नाही. त्या एका ऑगस्टमध्ये 44 टक्के भांडवल गेलं आणि 23 सप्टेंबरला 14 वित्तसंस्थांनी सुमारे 3.6 अब्ज डॉलर ओतून फंड ताब्यात घेतला. पुढे 2005 मध्ये रॉयल डच आणि शेल एकाच शेअरखाली आले आणि तफावतीचा प्रश्नच संपला. गणित बरोबर ठरेपर्यंत ते मांडणारे बाजारातून केव्हाच बाहेर फेकले गेले होते. थ्रीकॉमच्या वाटपाला निदान जाहीर केलेली मुदत होती, इथे तीही नव्हती.

‘त्यांच्याकडे पैशाला तोटा नाही.’ पैसा त्यांचा नसतो, हीच अडचण. आंद्रे श्लायफर आणि रॉबर्ट विश्नी या अर्थशास्त्रज्ञांनी 1997 मध्ये, म्हणजे हा फंड बुडायच्या वर्षभर आधी, नेमकं हेच मांडलं होतं. तफावत रुंदावली की आर्बिट्राज करणाऱ्याच्या खात्यात तोटा दिसतो. ज्यांचे पैसे आहेत ते घाबरून काढून घेतात. संधी सर्वांत चांगली असते तेव्हाच हात रिकामे होतात. आपल्याकडे मार्च 2020 च्या घबराटीत ‘सुरक्षित’ म्हणून विकले गेलेले आर्बिट्राज फंडसुद्धा (शेअर घेऊन त्याचाच वायदा विकणारे) काही दिवस तोट्यात दिसले.

‘स्क्रीनवर दिसतो तो भाव योग्य.’ एल्सिड इन्व्हेस्टमेंट्सचा शेअर मुंबईच्या बाजारात 3 रुपये 53 पैशांना दिसत असे. कंपनीकडे एशियन पेंट्सचा जवळजवळ 3 टक्के हिस्सा, आणि पुस्तकी मूल्य (कंपनीच्या मालमत्तेतून देणी वजा करून उरते ते) शेअरमागे 5 लाख 80 हजारांच्या वर. 3.53 ला विकणारा कोणी नव्हता आणि सर्किटच्या, म्हणजे भाव दिवसात किती हलू शकतो याच्या, मर्यादेमुळे भाव हलत नव्हता. सेबीने अशा कंपन्यांसाठी मर्यादेशिवाय विशेष लिलाव ठेवला आणि 29 ऑक्टोबर 2024 रोजी भाव 2,36,250 रुपये झाला. तरीही तो पुस्तकी मूल्याच्या निम्म्याहून कमीच होता. तीन-चतुर्थांश शेअर प्रवर्तकांकडे असताना, ‘एशियन पेंट्स विका आणि पैसे वाटा’ असं छोट्या भागधारकाला कोण म्हणू देणार?

पण एल्सिड फार थोड्यांकडे आहे. मला जास्त काळजी वाटते ती अमेरिकी निर्देशांकांच्या भारतीय ईटीएफची (शेअरसारखी बाजारात विकत मिळणाऱ्या फंडांची), कारण तिथे नोकरदार माणसं दर महिन्याला पैसे टाकतात.

निफ्टीचा ईटीएफ एनएव्हीपेक्षा (एका युनिटमागे फंडाकडे असलेल्या मालमत्तेच्या किमतीपेक्षा) महाग झाला की मार्केट मेकर (सतत खरेदी-विक्रीचे भाव देणारा व्यापारी) शेअर देऊन फंड घराण्याकडून नवी युनिटं घेतो, बाजारात विकतो आणि भाव खाली येतो. अमेरिकी निर्देशांकांच्या ईटीएफमध्ये हे चाक अडकलेलं आहे. सगळ्या म्युच्युअल फंडांना मिळून परदेशी गुंतवणुकीची 7 अब्ज डॉलर आणि परदेशातल्या ईटीएफमध्ये गुंतवायला वेगळी 1 अब्ज डॉलर अशी मर्यादा आहे. 2022 च्या सुरुवातीला पहिली मर्यादा गाठत आली आणि नवे पैसे बाहेर नेणं थांबलं. नवी युनिटं हवी तशी निघत नाहीत, मागणी मात्र तशीच. त्यामुळे काही ईटीएफ एनएव्हीपेक्षा कधी 10 टक्क्यांहूनही महाग विकले गेले. इथे कोणी वेडा नाही की आळशी नाही, वाट नियमानेच बंद आहे. ऑक्टोबर 2025 मध्ये चांदीच्या टंचाईत सिल्व्हर ईटीएफचंही तेच झालं, आणि काही फंड घराण्यांनी आपल्या सिल्व्हर फंड ऑफ फंडमध्ये (सिल्व्हर ईटीएफची युनिटं घेणाऱ्या फंडात) एकरकमी पैसे घेणं तात्पुरतं थांबवलं.

एनएव्ही 100 असताना 115 ला घेतलेलं युनिट घ्या. मर्यादा उठली, जादा भाव विरला आणि निर्देशांक जागचा हललाही नाही, तरी तुमचे 13 टक्के गेले. ‘आर्बिट्राजवाले बघून घेतील’ या भरवशावर हा तोटा अंगावर घेऊ नका.

ऑर्डर टाकण्याआधी फंड घराण्याच्या संकेतस्थळावर बाजार चालू असताना दिसणारी आयएनएव्ही (एनएव्हीचा त्या क्षणाचा अंदाज) पाहा. आपल्या वेळेत अमेरिकेचा बाजार बंद असतो, म्हणून एखाद-दोन टक्क्यांचा फरक रास्त असू शकतो, 10 टक्क्यांचा नाही. आणि ब्रोकरांच्या ॲपवर खरेदीच्या बटणाशेजारीच हा आकडा दिसायला हवा, ही मागणी आपण गुंतवणूकदारांनी सेबीकडे लावून धरली पाहिजे.