डॉन नॉट्स मरीन नव्हता

एक संदेश कित्येक वर्षं फिरतो आहे. ‘द अँडी ग्रिफिथ शो’ या १९६० च्या दशकातल्या अमेरिकी मालिकेत बार्नी फाइफ नावाचा घाबरट डेप्युटी शेरीफ, म्हणजे गावच्या पोलीसप्रमुखाचा मदतनीस, साकारणारा डॉन नॉट्स खऱ्या आयुष्यात मरीन कोअरमधला कडक ड्रिल इन्स्ट्रक्टर, म्हणजे कवायत शिकवणारा, होता म्हणे. पडद्यावरचा भित्रेपणा हा निव्वळ मुखवटा, आत पोलादी सैनिक. त्याला हमखास जोडून येणारी आणखी दोन विधानंही आहेत: मालिकेत शेरीफ झालेल्या अँडी ग्रिफिथच्या पुण्याईवर तो तरला, आणि १९६५ मध्ये मालिका सोडून त्याने स्वतःच्या पायावर धोंडा पाडून घेतला. मला हा नट फार प्रिय आहे, म्हणून हे एकदा नीट लिहायला बसलो.

मरीनची गोष्ट साफ खोटी आहे. नॉट्स १९४३ मध्ये भरती झाला तो लष्करात, म्हणजे आर्मीत. मरीन कोअर हे वेगळं दल. वेस्ट व्हर्जिनियातल्या मॉर्गनटाउनचा हा किडकिडीत पोरगा त्याआधी बोलका बाहुला घेऊन कार्यक्रम करायचा. लष्कराने त्याचं हेच अंग हेरलं आणि त्याला ‘स्टार्स अँड ग्राइप्स’ या सैनिकांच्या विनोदी ताफ्यात घातलं. हा ताफा पॅसिफिकमधल्या बेटांवर जवानांचं मनोरंजन करत हिंडला. १९४६ च्या जानेवारीत त्याची सेवा संपली तेव्हा त्याचा हुद्दा टेक्निशियन फिफ्थ ग्रेड होता. घरापासून हजारो मैल दूर, उद्याची शाश्वती नसलेल्या पोरांना हसवणं ही युद्धातली खरी कामगिरी होती. तिच्या जागी कवायतीच्या मैदानावरचा दरारा आणून बसवला, की त्या माणसाने प्रत्यक्ष केलेलं कामच पुसलं जातं.

ग्रिफिथच्या पुण्याईचं म्हणाल, तर दोघांची मैत्री जुनी होती हे खरं. १९५५ मध्ये ब्रॉडवेवर ‘नो टाइम फॉर सार्जंट्स’ या नाटकात ते एकत्र होते. पण मालिकेच्या पहिल्या झलकेत बार्नी नव्हताच. ती पाहून नॉट्सनेच ग्रिफिथला फोन करून विचारलं, तुझ्या शेरीफला एखादा डेप्युटी नको का? विनोद खरं तर ग्रिफिथने करायचा, असा बेत होता. दुसऱ्याच भागापर्यंत ग्रिफिथच्या लक्षात आलं की हशा नॉट्सला मिळायला हवा, आणि तो आपणहून शांत, समजूतदार शेरीफ झाला. मालिकेला तिचा तोल मिळाला तो इथे.

१९६५ ची गोष्टही उलटी सांगितली जाते. ग्रिफिथ सुरुवातीपासून पाचच वर्षं काम करणार म्हणत होता, म्हणून नॉट्सने पुढची सोय पाहिली आणि युनिव्हर्सलशी चित्रपटांचा करार केला. ग्रिफिथने मालिका पुढे चालू ठेवायचं ठरवलं ते नंतर. त्या करारातून १९६६ चा ‘द घोस्ट अँड मिस्टर चिकन’ आला, मग आणखी चित्रपट, आणि १९७९ पासून ‘थ्रीज कंपनी’ या टीव्ही मालिकेतला घरमालक फर्ली. सहायक अभिनेत्याची पाच एमी पारितोषिकं त्याला बार्नीसाठी मिळाली. त्यातली शेवटची दोन तर मालिका सोडल्यावर पाहुणा म्हणून परत आला त्या भागांसाठी होती.

राहिला मुखवटा. मला सगळ्यात जास्त खुपतो तो हाच मुद्दा. नॉट्सचं बालपण भीतीतच गेलं होतं. वडील मानसिक आजाराने अंथरुणाला खिळलेले, आई खाणावळवजा घरात भाडेकरू ठेवून संसार ओढायची. भीती अंगात कशी चढते, हे त्याला कुणी शिकवावं लागलं नाही. पुढे एका भोजनसमारंभात भाषण करणाऱ्या गृहस्थांचे हात थरथरताना त्याने पाहिले, आणि त्यातून त्याचा ‘नर्व्हस माणूस’ जन्मला. १९५० च्या दशकात स्टीव्ह ॲलनच्या टीव्ही कार्यक्रमात रस्त्यावरच्या मुलाखतीत त्याला विचारत, तुम्ही घाबरलात का? तो डोळे विस्फारून एका शब्दात ‘नाही!’ म्हणायचा.

बार्नी हा त्याच माणसाला गणवेश चढवून उभा केलेला आहे. शेरीफ त्याला एकच गोळी देतो, तीही पिस्तुलात न ठेवता शर्टाच्या खिशात ठेवायची. प्रसंग ओढवला की बार्नी छाती पुढे काढतो, पट्टा वर ओढतो, आणि बोटं खिशाचं बटण चाचपू लागतात. मान ताठ, आवाज चढलेला, हात मात्र ऐकत नाहीत. हे उसनं अवसान इतकं खरं वाटतं, कारण ते आणणाऱ्या नटाने भीतीची कधी लाज धरली नाही.