अभिनय तेवढा करू नका

प्रयोगशील सिनेमात नट व्हायचंय? उत्तम. मग आपल्याला अभिनय येतो हे आधी लपवा. पुरुषोत्तम करंडकाचं प्रमाणपत्र गादीखाली सरकवा. भरत नाट्य मंदिरात शेवटच्या रांगेपर्यंत पोचवलेला तो कमावलेला आवाज? कॉलरखालच्या माइकला त्याचा त्रास होतो.

पुरावे देतो. 'कोर्ट'मधले नारायण कांबळे म्हणजे नागपूरचे दिवंगत कार्यकर्ते आणि 'विद्रोही' नियतकालिकाचे संपादक वीरा साथीदार. सिनेमाने २०१४ साली व्हेनिसला दोन पुरस्कार मारले, पुढे सुवर्णकमळही आणलं. 'द डिसायपल'मध्ये गायकाच्या भूमिकेत आदित्य मोडक, म्हणजे खरोखरचा गायक. 'फँड्री'तला जब्या, सोमनाथ अवघडे, हलगी वाजवणारा पोरगा. पहिल्याच सिनेमाला राष्ट्रीय पुरस्कार. तेव्हा अभिनयाच्या वर्कशॉपचे पैसे वाचवा आणि हलगी शिका, ख्याल शिका, नाहीतर चळवळीत जा. वीसेक वर्षांत बोलावणं येईल. (तिघांनी कामं इतकी चोख केलीत की धड जळताही येत नाही.)

एवढं करूनही चुकून निवड झालीच, तर मानधनाचा विषय काढू नका. "बजेट टाइट आहे रे, पण आपण काहीतरी वेगळं करतोय." यातला 'आपण' नफा झाल्यावर ऐकू येत नाही. शर्ट घरचाच आणा, जुना असेल तर फारच छान.

सेटवर दिग्दर्शक म्हणेल, "काही करू नकोस, नुसता बस." तुम्ही बसलेलेच असता. अकरा टेक होतात. बाराव्याला पाठीला रग लागून तुम्ही खरोखरच खचून बसता आणि तिकडून आवाज येतो, "कट! हेच हवं होतं!"

मग सिनेमा परदेशी महोत्सवांना जातो. तुम्ही जात नाही. तुम्हाला व्हॉट्सअ‍ॅपवर बर्फाचे फोटो येतात, त्यांना बदाम द्यावा.

प्रदर्शनाचं म्हणाल, तर माझ्या सिनेमाला अख्ख्या शहरात सकाळी सव्वानऊचा एकच शो मिळाला होता. काउंटरवरचा मुलगा म्हणाला, "पाच जण नसतील तर शो कॅन्सल." आई, मावशी आणि कुठलं तरी एक जोडपं, असे चार झाले. पाचवं तिकीट मी काढलं.

तासाभराने मावशीने कोपर मारलं. "अरे, तू कधी येतोस?"

"आलो की. मघाशी ओट्यावर बसला होता ना, तो मी."

"तो होय? मला वाटलं, तिथलाच कुणीतरी."